आधी मुलगा निवडा

१२ जानेवारी

तुझ्या आईंचं काय करायचं ते तूच सांग. तब्येत ठणठणीत आहे, घाबरू नकोस. पण आज त्या आमच्या ऑफिसात आल्या होत्या. मला भेटायला नाही. भत्ता मागायला.

सकाळची गर्दी होती. टोकनचं मशीन पुन्हा अडकलेलं. शिपाईकाका चिठोऱ्यांवर हाताने नंबर लिहून देत होते आणि एकाच नंबरचे दोन गृहस्थ माझ्या खिडकीसमोर "मी आधी, मी आधी" करत होते. त्यांची समजूत घालून मी खाली मान घालूनच म्हटलं, "पुढचे या."

"नमस्कार मॅडम. म्हातारपणाचा भत्ता इथेच मिळतो ना?"

आवाज ओळखीचा वाटला म्हणून वर बघितलं, तर आई. ठेवणीतला कोट, केस चापूनचोपून बसवलेले, हातात ती पिशवी, जी त्या फक्त दवाखान्यात जाताना घेतात. मला वाटलं चेष्टा करतायत. मी हळूच विचारलं, "आई, घराची किल्ली राहिली का?"

तर त्या मागे वळून रांगेतल्या माणसाला म्हणाल्या, "या मॅडम सगळ्यांनाच आई म्हणतात वाटतं. चांगली पद्धत आहे."

मी काय करणार? मागे रांग दारापर्यंत. घेतला अर्ज समोर आणि विचारायला लागले.

"घरी कोण कोण असतं?"

"मी. आणि एक बाई राहते."

"एक बाई?"

"नोकरी करते. स्वभावाने बरी आहे. भांडी मात्र घासते की नुसती ओली करते, ते कळत नाही."

रांग हसली. शेजारच्या खिडकीवरच्या घड्याळबाईने (तीच ती, कोणी न विचारता किती वाजले ते सांगत असते) हातातलं काम ठेवून खुर्चीच इकडे वळवली.

"मूलबाळ?"

"एक मुलगा."

"सांभाळतो?"

"ते तुम्ही लिहा," आई म्हणाल्या. "तुम्हाला जे ठाऊक असेल ते."

मी लिहिलं, "मुलगा नोकरीनिमित्त बाहेरगावी. सुट्टीत येणार." तसा रकाना नाही आमच्याकडे, म्हणून कडेच्या कोऱ्या जागेत लिहिलं. आईंनी ते उलटं वाचलं, मान हलवली आणि पोचपावती घेऊन गेल्या.

संध्याकाळी घरी आले तर भाजी चिरत बसलेल्या, रोजच्यासारख्या. म्हटलं, "आई, सकाळी काय होतं ते?"

"ऑफिसचं ऑफिसात विचारावं," म्हणाल्या. "कांदा घे तो इकडे."

मला काही समजेना. पैशाची अडचण म्हणावं तर त्यांनी कधी मागितलं आणि मी दिलं नाही असं झालेलं नाही. विसरायला लागल्यात म्हणावं तर पलीकडच्या घरात कधीकाळी नेलेली आपली शिडी त्यांना अजून पाठ आहे, तिच्या मोडलेल्या पायरीसकट. माझ्यावर रागावल्यात का? कशावरून?

तू एवढंच कर. आईला मी सांभाळतो, अशा दोन ओळी सही करून पाठव. अर्ज आपोआप निकाली निघेल. फोन करत नाही, कारण "फोनवर आपलं भांडण होतं, काय असेल ते लिहून कळव" असं तूच म्हणाला होतास. शिवाय तुझा फोन लागत नाही. बंदरावर नेटवर्कची बोंब आहे, मला माहीत आहे. घड्याळबाई म्हणत होती, क्रेनवर एवढं उंच बसून नेटवर्क कसं नाही? तिला काय कळतंय.

वाट बघते.

तुझी,
(तुझ्या आईंच्या हिशेबी "एक बाई")

२ फेब्रुवारी

तुझं पत्र आलं नाही. टपाल हल्ली उशिराच येतं. पण इकडे प्रकरण वाढलंय, म्हणून पुन्हा लिहिते.

आमच्याकडे नवीन साहेब आलेत. मत्स्य खात्यातून बदलून. भला माणूस आहे, पण नियमावलीची ओळ पट्टी लावून वाचतो आणि पट्टी सरकली की पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करतो. परवा उसासा टाकून म्हणाले, "मासे बरे होते हो. अर्ज करत नव्हते." त्यांच्यासमोर आईंचा अर्ज गेला. त्यावरचा पत्ता आणि माझा पत्ता एकच, हे त्यांना शिपाईकाकांनी दाखवलं. मला आत बोलावलं.

"या बाई तुमच्या कोण?"

"सासूबाई."

"मग यांना आधार आहे. अर्ज फेटाळू?"

मी हो म्हणणारच होते. तेवढ्यात पट्टी खाली सरकली. "थांबा. इथे म्हटलंय, आधार मुलाचा धरावा. सुनेवर सासूची जबाबदारी मुलामार्फत येते. मुलगा घरात राहतो का?"

"सध्या बाहेरगावी असतो."

"राहतो की नाही राहत?"

"येतो की सुट्टीत."

"मागच्या सुट्टीत आले होते?"

मी सांगितलं की मागच्या सुट्टीत बंदरावर काम फार होतं. त्याच्या आधीच्या सुट्टीतही होतं. साहेबांनी माझ्याकडे बघितलं आणि चष्मा पुसला. मला ते चष्मा पुसणं आवडलं नाही.

मग आम्ही कॉम्प्युटरवर बसलो. घरातल्या माणसांची नोंद करायची असते. आईंचं नाव घातलं. माझं घालायला गेले, नात्यांच्या यादीत "सून" आहे, पण त्यावर बोट ठेवलं की लाल अक्षरं येतात: "आधी मुलगा निवडा." मुलगा निवडावा तर विचारतं, घरात राहतो, होय की नाही. मध्ये काही नाहीच. मी म्हटलं, साहेब, "तात्पुरता" असं काही? त्यांनी यादी वरखाली केली. म्हणाले, "मृत आहे. बेपत्ता आहे. तुरुंगात आहे. यातलं काही?"

"नाही हो!"

"मग होय किंवा नाही."

मी होयवर बोट नेलं. घड्याळबाई नेमकी तेव्हा दारात येऊन म्हणाली, "साडेबारा." मी बोट काढून घेतलं. का काढलं, तेही कळलं नाही. साडेबाराने काय होतं?

शेवटी माझ्या नातेवाइकाचं काम माझ्याकडे नको म्हणून साहेबांनी ते घड्याळबाईच्या खिडकीवर दिलं. आज आई आल्या, तिकडे बसायलाच तयार नाहीत. "मला त्याच मॅडमकडे पाठवा. त्या विचारतात चांगलं."

"अहो, पण त्या तुमच्या सूनबाई आहेत ना?" घड्याळबाई म्हणाली.

"कोण म्हणतं?"

"त्याच म्हणतात."

"मग त्यांनी लिहून द्यावं," आई म्हणाल्या. "मुलाच्या सहीनिशी."

हे मला लागलं, खोटं कशाला बोलू. घरी आल्यावर त्यांच्याशी बोलले नाही. त्यांनीही ताट वाढून माझ्यासमोर ठेवलं आणि भिंतीकडे बघत म्हणाल्या, "त्या पोरीला चौकड्यांचा शर्ट शोभत नाही." म्हणजे मला. म्हणजे बोलत तर होत्या.

तू दोन ओळी पाठवच. लांब काही नको. "होय" एवढंच लिहिलंस तरी चालेल.

२० फेब्रुवारी

तू आला होतास का?

सरळ विचारते. मी ऑफिसात असताना, दुपारचा, तू घरी येऊन गेलास का? का विचारते ते सांगते.

घरचौकशी झाली. नियमच आहे, अर्जदार खरोखर कसा राहतो ते बघायला आमचा माणूस जातो. आमचा चौकशीवाला म्हणजे तो उंच, वाकून चालणारा, जो माझं पेन नेतो आणि परत करत नाही. त्याने आदल्या दिवशी मला सांगून ठेवलं होतं, "वहिनी, काळजी नको, मी नुसता बसून येतो." मला घरी राहायला साहेबांनी अर्धी रजाही दिली.

आईंनी त्याला नुसतं बसू दिलं नाही. चहा दिला आणि म्हणाल्या, "विचारा. इतक्या लांब आलात तर नीट विचारा." मग त्याने विचारलं. झोप लागते का, पाय दुखतात का, दुपारी कोणाशी बोलता. आईंनी एकेका प्रश्नाला इतकं लांब उत्तर दिलं की त्याचा कागद संपला आणि त्याने माझ्याकडे मागितला. झोप लागत नाही, हे मला माहीत नव्हतं. सांगत होत्या, पहाटेपासून छताकडे बघत पडतात, मी उठेपर्यंत, मला जाग येऊ नये म्हणून. मी तिथेच उभी होते, पण माझ्याकडे बघत नव्हत्या.

मग तो म्हणाला, घरात किती माणसं राहतात त्याची खूण म्हणून कपडे, अंथरुणं बघावी लागतात. मी म्हटलं, "बघा ना. यांचे कपडे त्या डाव्या कपाटात आहेत. सगळे आहेत. माणूस जायचं असतं तर कपडे ठेवून गेला असता का?"

असं मी का बोलले? त्याने तसं काही विचारलंच नव्हतं.

त्याने कपाट उघडलं. आत गोधड्या होत्या. वरपासून खालपर्यंत गोधड्या, घड्या घालून रचलेल्या. तुझा एक मोजासुद्धा नाही.

मी आईंकडे बघितलं. आई चहाचे कप गोळा करत होत्या.

"कपडे कुठे गेले?"

"दिले."

"कोणाला?"

"ज्याचे होते त्याला."

"कधी?"

त्या थांबल्या. आणि त्या दिवशी पहिल्यांदाच मॅडम बिडम न म्हणता, घरातल्यासारखं बोलल्या, "थंडी सुरू झाली तेव्हा. तुला आज कळतंय. म्हणजे तूही ते उघडलं नव्हतंस."

चौकशीवाला काही न लिहिता उठला. माझं पेन टेबलावर ठेवून गेला. त्यानेसुद्धा पेन ठेवावं म्हणजे माझा चेहरा कसा झाला असेल बघ.

त्यानंतर मी विचारून विचारून थकले. आई तोंड उघडत नाहीत. "सुनावणीला सांगीन," एवढंच. घरातल्या घरात सुनावणी! मी ठरवलं की तू आला असशील. मला भेटायची हिंमत झाली नसेल, मागच्या भांडणामुळे. आईंना शपथ घातली असशील. एवढ्या लांबून येऊन न भेटता गेलास, याचा राग यायला हवा, पण मला तर बरंच वाटलं. आलास तर होतास.

आलास ना?

११ मार्च

हे पत्र नवीन पत्त्यावर पाठवते आहे. आधीची तीन तुला मिळाली की नाहीत, माहीत नाही. नसतील तर बरंच. असतील तर जाळून टाक, विशेषतः तिसरं.

आज सुनावणी झाली. वेगळी खोली नाही आमच्याकडे. साहेबांची केबिन रंगवायला काढली आहे, म्हणून टेबल हॉलमध्येच लावलं होतं, रांगेच्या डोक्याशी. एका बाजूला आई, एका बाजूला मी, आणि रांगेतली सगळी माणसं आपापले नंबर विसरून ऐकत होती. साहेबांनी पट्टी काढली.

"मुलाने आईला सांभाळणं बंद केलं असेल तर आधी त्याला नोटीस जाते. मुलाचा पत्ता सांगा."

मी सांगितला. बंदराचं वसतिगृह, खोली, मजला. तोंडपाठ आहे मला.

"तो नाही," आई म्हणाल्या. "तो जुना झाला."

आणि त्यांनी दुसरा सांगितला. न अडखळता, गल्लीसकट. शेवटी "हिच्या घरी" असं म्हणून एका बाईचं नाव घेतलं. ते नाव मी इथे लिहीत नाही. तुला माहीत आहे.

साहेब लिहीत होते, लिहिता लिहिता थांबले. मागे कोणीतरी "अरेरे" म्हणालं आणि कोणीतरी त्याला गप्प केलं. मी मूर्खासारखं विचारलं, "म्हणजे भाड्याने राहतो का तिथे?"

"नाही गं," आई म्हणाल्या. "राहतो तिथे. लहान मूल आहे त्यांना."

मला सगळं ऐकू येत होतं, पण अर्थ लागायला वेळ लागत होता. आमच्या खिडकीच्या काचेतून पलीकडचा माणूस बोलतो तेव्हा होतं तसं. तोंड हलताना दिसतं आणि आवाज मागून येतो. मी बघत होते ते साहेबांच्या पट्टीकडे. तिच्या कोपऱ्यावर एक मासा छापलेला आहे. इतके दिवस लक्षात आला नव्हता.

आई मग मलाच सांगायला लागल्या, साहेबांना नाही. तू दुपारचा फोन करायचास, मी ऑफिसात असताना. थंडीत गरम कपडे मागवलेस. त्यांनी गाठोडं करून पाठवले. "मुलगा आहे, गारठला असता. पाठवले मी. आणि मग तुझ्याकडे बघायची चोरी झाली. तो म्हणाला, तिला तूच सांग. मी का सांगू? मी काय त्याचं टपाल आहे?"

"मग घरी का नाही सांगितलंत, आई?" माझा आवाज एवढा चढला की शिपाईकाका उठून उभे राहिले. "इथे सगळ्यांसमोर?"

"घरी दोनदा सांगितलं. एकदा तू म्हणालीस, तुम्हाला फोनवर नीट ऐकू येत नाही. एकदा उठून कपडे वाळत घालायला गेलीस."

गेले होते. आठवलं मला. ओले नव्हतेच कपडे.

"इथे तू सगळ्यांना विचारतेस," आई म्हणाल्या. "मुलगा कुठे, नवरा कुठे, खाता काय. म्हटलं, आपणही एक नंबर घ्यावा. इथे सांगितलं की तुला लिहून घ्यावंच लागतं."

साहेबांनी पट्टी बाजूला ठेवली. मग घसा साफ करून म्हणाले, "मला एक रकाना भरायचा आहे. राग मानू नका. मुलगा घरात राहत नाही, असं लिहू?"

सगळे माझ्याकडे बघत होते. आईसुद्धा. त्यांचे हात पिशवीच्या बंदांवर घट्ट आवळलेले होते. तेव्हा माझ्या लक्षात आलं की त्या घाबरल्या आहेत. तुला नोटीस जाईल म्हणून नाही. मी काय बोलेन म्हणून. तू गेल्यावर मी त्यांची कोणीच उरत नाही, आणि हे त्यांना माझ्या आधी कळलं होतं. कपाट रिकामं झालं तेव्हापासून त्या पहाटे छताकडे बघत हाच हिशेब करत होत्या. आणि तरी आल्या होत्या सांगायला.

"लिहा," मी म्हटलं. "राहत नाही. येणारही नाही."

साहेबांनी लिहिलं. मग कॉम्प्युटर माझ्याकडे वळवला आणि खालच्या आवाजात म्हणाले, "मुलगा नाही म्हटल्यावर हे तुम्हाला सून म्हणून घेणार नाही. आजी, तुम्ही सांगा. या तुमच्या कोण? कोणी नाही म्हणालात तर काम सोपं आहे. भत्ता सुरू होईल."

आई जराही थांबल्या नाहीत. "माझी आहे ती. कोण ते तुम्ही शोधा, मशीन तुमचं आहे."

साहेबांनी यादी शोधली. घड्याळबाई येऊन खांद्यावरून बघायला लागली. रांगेतून सूचना येत होत्या. एक म्हणाला मुलगी लिहा, दुसरा म्हणाला तसं लिहिलं तर पुढे वारसाची भानगड होते, एक आजोबा म्हणाले भाडेकरू लिहा, आमच्याकडे तसंच केलंय. शेवटी यादीच्या अगदी तळाशी "इतर" सापडलं. लाल अक्षरं आली नाहीत. साहेबांना इतका आनंद झाला की त्यांनी घड्याळबाईशी हात मिळवला.

भत्त्याचं काय होईल ते नक्की नाही. "इतर" माणूस घरात असला तर आधार धरायचा की नाही, याबद्दल नियमावली काही बोलत नाही. साहेबांनी वर विचारायला पाठवलंय. वरून उत्तर यायला किती वेळ लागतो ते मला ठाऊक आहे.

येताना आम्ही चालतच आलो. मी रडत होते आणि आई माझा दंड धरून रस्ता ओलांडत होत्या, म्हणजे कोण कोणाला धरून होतं ते सांगता येणार नाही. कोपऱ्यावर म्हणाल्या, "ए इतर, दूध संपलंय." मला हसू फुटलं. रडता रडता हसले तर उचकी लागली, ती घरी येईपर्यंत थांबली नाही.

आत्ता त्या आतल्या खोलीत गोधड्या दुसरीकडे रचतायत. डावं कपाट मला देणार आहेत. मी नको म्हटलं नाही.

मी तुझ्यावर रागावले आहे का, ते मला अजून कळत नाही. सकाळी वाटलं होतं आहे. आत्ता फक्त हात गार पडलेत. समजलं की लिहीन. किंवा नाही लिहिणार.

१८ मार्च

महोदय,

आपल्या मातोश्रींच्या अर्जासंदर्भात सुनावणीची नोटीस सोबत जोडली आहे. शिक्का मी स्वतः मारला आहे, दोनदा, पहिला पुसट उठला म्हणून.

नोटिशीतल्या तारखेला आपण स्वतः हजर राहावे. प्रतिनिधी चालत नाही. ओळखपत्र मूळ आणि एक प्रत आणावी. राहत्या पत्त्याचा पुरावा आणावा, खऱ्या पत्त्याचा. आईला सांभाळायची तयारी आहे की नाही, ते तेव्हा साहेबांसमोर सांगावे लागेल. उत्तर होय किंवा नाही असे द्यायचे आहे. खिडकीवरच्या कर्मचाऱ्याशी ओळख आहे असे सांगून रांगेच्या पुढे येता येणार नाही. अशी ओळख सांगणारे बरेच येतात.

आपल्यासोबत कोणी येणार असल्यास हॉलमध्ये बाक आहेत. लहान मूल असल्यास घड्याळबाईंच्या मागे सावली असते, तिथे बसवावे. तेवढं मी त्यांना सांगून ठेवले आहे.

हे पत्र लिहीत असताना अर्जदार शेजारी बसून आहेत. त्यांचे म्हणणे असे, की निघताना खाऊन निघ, इथे दुपारशिवाय नंबर लागत नाही.

मी हे लिहिणार नव्हते. पण अर्जदाराचे म्हणणे जसेच्या तसे नोंदवणे, हे माझे काम आहे.

खिडकी क्रमांक चार